नवीनची मूठ

शनिवारी सकाळीच यशोदाबाईंनी ओसरीवरची सगळी पायताणं अंगणात भिरकावली. कानबाईचे गहू निवडायचे होते. त्या गव्हाजवळ कुणाची चप्पल दिसली तर चपलेचा धनीही तिच्यामागून अंगणात जाईल, असं त्यांनी कुणाकडेही न बघता सांगून टाकलं. थोरला मुलगा प्रेमराज पन्नाशी ओलांडलेला, गावात चार माणसं त्याला विचारून पेरणी करायची. त्यानंसुद्धा आपले बूट गुपचूप उचलून न्हाणीमागे नेऊन ठेवले.

उद्या श्रावणातल्या रविवारी कुळाची देवी कानबाई घरात बसणार होती. आज घरातल्या एकेका पुरुषाच्या नावानं सव्वा सव्वा मूठ गहू काढायचे, तेच दळायचे आणि त्याचेच रोट, प्रसादाच्या जाड गोड पोळ्या, करायचे. रोट घरच्यांनीच खायचे, जो घरात नसेल त्याच्या वाटचे त्याच्या बापानं. शेजारी द्यायचे नाहीत, गुराला घालायचे नाहीत, ज्याच्या नावानं मूठ निघाली त्याचा एक घासही मागे उरू द्यायचा नाही. मूठ काढायचा मान यशोदाबाईंचा. आता हात सुकला होता, बोटं पेरांत वाकडी झाली होती आणि मुठीतून दाणे निसटत. तरी ती मूठ दुसऱ्या कुणाची चालणार नाही हे सगळ्या भाऊबंदकीला ठाऊक होतं.

दोन वर्षं मात्र मुठी कमी निघत होत्या. बोअरच्या पाण्याच्या पाळीवरून धाकटा अभिमन थोरल्या भावाशी भांडला, शेत बटाईनं देऊन बायकोपोरासकट धुळ्याला गेला, आणि जाताना दारात उभा राहून म्हणाला, या घराचं पाणीसुद्धा मला नको.

"पाणी नको तर रोटबी नको," यशोदाबाई म्हणाल्या होत्या. "मन्हा हातघाई तुनी आनि तुन्हा पोऱ्यानी मूठ आते निघाव नही."

आपल्या हातून अभिमनची आणि त्याच्या पोराची मूठ आता निघणार नाही, हे त्यांचं बोलणं गल्लीनं ऐकलं होतं. यशोदाबाईंनी बोललेला शब्द मागे घेतल्याचं गल्लीत कुणाला आठवत नव्हतं. त्यांना स्वतःलाही नाही.

यंदा घरात नवं कौतुक होतं ते प्रेमराजच्या भूमिकाचं. पोरगी हवाई दलातून रजेवर आली होती. "मन्ही नात विमानमा शे," हे यशोदाबाईंनी पारोळ्याच्या बाजारापासून एरंडोलच्या माहेरापर्यंत पोचवलं होतं. विमानात म्हणजे नेमकं काय करते, असं कुणी विचारलंच तर त्या डोळे बारीक करून म्हणत, "सरकारी गुपित शे." गुपित त्यांच्यापासूनही होतंच. पोरगी आग्र्याला असते, निळा गणवेश घालते, यापुढचं विचारायला त्यांचा अभिमान आड येई. आपल्या नातीचं काम आपल्याला माहीत नाही, हे नातीला तरी कशाला कळू द्यायचं?

गहू निवडायला गल्लीतल्या बाया बसल्या होत्या. त्यांत बेबाबाई होती, यशोदाबाईंची चुलतजाऊ. दोघींचं एकमेकींवाचून पान हलत नसे आणि एकमेकींना टोचल्यावाचून दिवस जात नसे.

"मंग भूमिके," बेबाबाईनं सूप हलवत विचारलं, "तू विमान चालवस का?"

"नाही आजी. मी पॅराशूट बांधते."

"म्हंजे?"

"जवान विमानातून उड्या मारतात ना, त्यांच्या पाठीवर छत्री असते कापडाची. ती घडी घालून पिशवीत भरायची. ते माझं काम."

बेबाबाईचं सूप थांबलं. तिनं शेजारणीकडे पाहिलं, मग यशोदाबाईंकडे, आणि अगदी सावकाश म्हणाली, "म्हंजे घड्या घालस."

"हो, घड्याच."

"ऐका माय. मन्ही सून घरमा बशी घड्या घालस, तिले कोनी सलाम ठोकत नही."

"तुन्ही सून?" यशोदाबाईंनी मान वर न करता म्हटलं. "मागे मी आले तर खाटेवर धुण्याचा ढीग होता. त्याच्याखालून तुझा नवरा खोकला म्हणून कळलं तो घरात आहे ते."

बाया हसल्या. बेबाबाईही हसली, पण तिचं काम झालं होतं. यशोदाबाईंच्या बोटांतला खडा गव्हातच पडला आणि पुन्हा शोधावा लागला. त्या भूमिकाकडे वळल्या.

"पहाटे उठून पळायची, परीक्षा दिली, केस कापले. ते घड्यांसाठी?"

"मोठी माय, तिथे सगळेच विमान चालवत नाहीत. चालवणारे मोजकेच. बाकीचे सगळे चालवणारा वर जावा आणि धड खाली यावा म्हणून राबतात. कुणी इंजिन उघडतं, कुणी नुसती चाकं आणि ब्रेक बघतं. कुणी ढग वाचतं, वारा मोजतं. कुणी रडारवर नजर लावून बसतं, डोळ्याला डोळा लागू देत नाही. कुणी स्वयंपाक करतं, कुणी कुत्री शिकवतं. पाखरं उडवायलासुद्धा माणसं नेमलीत."

"पाखरं?"

"धावपट्टीवर पाखरं बसतात. एखादं इंजिनात गेलं तर विमान पडतं."

यशोदाबाईंचा हात गव्हात तसाच राहिला. लहानपणी त्यांनी ज्वारीत माळ्यावर उभं राहून गोफण फिरवली होती. एवढं लोखंडाचं धूड, बापाच्या शेताएवढं लांब असेल, आणि त्याला भीती चिमणीची. त्यासाठी सरकारनं माणूस ठेवलाय आणि त्यालाही गणवेश आहे.

"म्हंजे बठ्ठं गावच शे की ते," त्या म्हणाल्या. "सुतार, लोहार, राखण्या. प्रत्येकाचं काम ठरेल शे."

"गावच आहे. फक्त कुणी चुकलं तर दुसऱ्याचा जीव जातो."

"बरं. मग तुझं काम दाखव."

"इथे कसं दाखवू?"

"घड्याच ना? कापड देते." त्यांनी थोरल्या सुनेला हाक मारली. "सुगंधा, माझं जुनं लुगडं आण. आणि सुतळीचा गुंडा."

भूमिकानं लुगडं ओसरीवर लांब पसरलं. एका कडेला सुतळीचे लांब लांब तुकडे बांधले. मग हातातली बांगडी, कानातले डूल काढून आईकडे दिले, ओढणी खुंटीला अडकवली आणि बापाला म्हणाली, "आबा, हे टोक धरा. ताण सोडू नका."

प्रेमराजला घरात काम सांगायची हिंमत एका यशोदाबाईंचीच. पण पोरीच्या आवाजात काहीतरी होतं. तो गुडघ्यावर बसला आणि टोक धरलं.

मग ओसरीवरचं बोलणं आपोआप कमी झालं. पोरीनं कापडाचा एकेक पट उचलला, तळव्यानं हवा बाहेर काढली, एकावर एक असा ठेवला की कडा सुरीनं कापल्यासारख्या जुळल्या. पट सरकू नयेत म्हणून आईच्या फडताळातली वजनं मागवून वर ठेवली. सुतळ्या बोटांनी विंचरल्या, आईनं पोरीचे केस विंचरावेत तशा, एकीची दुसरीत गुंतवळ नको. तिचं तोंडच बदललं होतं. लहानपणी चिंचेसाठी भांडणारी, दुधाचा पेला लपवून ओतून देणारी पोर यशोदाबाईंना तिच्यात कुठेच दिसेना. देवघरात बसलेला माणूस दिसावा तशी ती दिसत होती.

घडी होत आली. बेबाबाईनं जांभई दिली. तेवढ्यात भूमिकाचा हात थांबला. तिनं दोन बोटं पटांमध्ये सरकवली आणि एक गव्हाचा दाणा बाहेर काढला. तळहातावर धरून पाहिला, बाजूला ठेवला. मग काही न बोलता सगळी वजनं उचलली, सगळे पट उलगडले आणि लुगडं पुन्हा पहिल्यापासून पसरलं.

"अगं निघाला ना दाणा," सुगंधाबाई म्हणाली.

"एक निघाला. दुसरा नसेल कशावरून?"

"लुगडंच तर शे."

"मी घालते तेव्हा लुगडं नसतं, आई."

दुसऱ्यांदा घडी होईपर्यंत कुणी सूप हलवलं नाही. गल्लीत भाजीवाला ओरडत गेला, त्यालाही कुणी थांबवलं नाही. शेवटी भूमिकानं वरच्या टोकाला साधा शिवायचा दोरा बांधला. यशोदाबाई पुढे वाकल्या.

"एवढ्या जड माणसाला हा दोरा?"

"हा तुटायलाच हवा, मोठी माय. यानं छत्री विमानाला अडकवलेल्या पट्ट्याशी बांधलेली असते. जवान खाली पडतो, त्याच्या ओझ्यानं छत्री पिशवीतून पूर्ण ओढली जाते, मग हा तुटतो आणि ती फुलते. आधी तुटला तरी घात, तुटला नाही तरी घात."

"आनि छत्री नहीच फुलनी तर?"

"पोटावर दुसरी असते. छोटी."

"ती कोण बांधस?"

"तीही आम्हीच."

यशोदाबाईंनी पदर तोंडाला लावला. आयुष्यभर त्यांनी माणसांचं काय काय सांभाळलं होतं. बाळंतपणं केली, तापात रात्री जागवल्या, नवऱ्याला शेवटचं पाणी पाजलं. तरी माणूस त्यांच्यासमोर असे, त्याची नाडी हाताला लागे. ही पोर बंद खोलीत कापडावर हात फिरवते, आणि कुणीतरी कुठेतरी आभाळाच्या दारातून पाऊल बाहेर टाकतो. खाली काही नाही. मागे ही. 

"बाई, माले गहू दिसत नही आते," बेबाबाई हलक्या आवाजात म्हणाली. तिच्या आवाजातला टोच गेला होता. "कोनाना पाठवर कोनती जास, ते तुले समजस का?"

"नाही. रॅकवर ठेवतो. ज्याच्या हाती जी येईल ती त्याची."

"मी विचारू का एक?" असा आवाज अंगणाकडून आला.

सगळ्यांनी वळून पाहिलं. अंगणाच्या फाटकाशी दिपमाला उभी होती. अभिमनची बायको, धाकटी सून. चपला तिनं बाहेरच काढल्या होत्या. एसटीच्या धुळीनं पाय पांढरे झाले होते आणि ती बराच वेळ तिथे उभी असावी, कारण डोळे पुसून पुसून लाल झाले होते.

प्रेमराज उठला. लुगड्याचं टोक त्याच्या हातातून सुटलं. "कोण आलं म्हणायचं हे?"

"मी एकटीच आले, भाऊ. त्यांना माहीत नाही. पारोळ्याला बहिणीकडे जाते सांगून निघाले." दिपमाला पदर सावरत ओसरीच्या पायरीपर्यंत आली आणि सासूकडे वळली. "माय, पाणी मागत नाही, जागा मागत नाही. माझ्या नवीनची मूठ तेवढी काढा. सोमवारी त्याची पहिली उडी आहे. विमानातून."

नवीन फौजेत गेला एवढं गल्लीला माहीत होतं. उड्या मारणाऱ्यांत गेला, हे गल्लीत कुणालाच नव्हतं.

"पोरगं कानबाईच्या मुठीशिवाय कधी कुठे गेलं नाही," दिपमाला म्हणाली. "ही दोन वर्षं सोडून. मी धुळ्यात घरी रोट केले, पण ते आपल्या कानबाईचे नाहीत. मला झोप लागत नाही, माय."

"ज्याला मूठ पाहिजे त्याच्या बापानं यावं," प्रेमराज म्हणाला. "दारात उभं राहून बोलून गेला तो. आता बायकोला पुढे करतो."

"त्यांनी नाही पाठवलं मला."

"मग त्याहून वाईट. उद्या तो म्हणेल, माझ्या माघारी माझ्या पोराचा रोट केला, कुणाला विचारून केला? भाऊबंदकी काय म्हणेल? एकदा तुटलेला रोट बाईमाणसाच्या रडण्यानं जोडत नसतात."

बेबाबाईनं मान हलवली. "ते बी खरं शे." मग दिपमालाच्या पायांकडे पाहून म्हणाली, "पन पोऱ्या तो पोऱ्याच."

"तू एका बाजूनं बोल," प्रेमराज म्हणाला.

"मी म्हातारी शे. मी दोन्ही बाजूनी बोलसू."

यशोदाबाईंचा शब्द ओसरीच्या मधोमध पडला होता आणि सगळे त्याला वळसा घालून बोलत होते. मूठ काढली तर गल्ली म्हणणार, म्हातारी वाकली. नाही काढली तर सोमवारी नवीन आभाळात उघडा जाणार. या नवीनला त्यांनी मांडीवर घेऊन पहिला रोट भरवला होता. गूळ तेवढा चाटून रोट थुंकला होता गुलामानं.

"आबा," भूमिका म्हणाली. ती अजून जमिनीवरच बसली होती. "नवीन आमच्याकडेच आहे. आग्र्याला."

प्रेमराज तिच्याकडे पाहत राहिला. "तुला काय माहीत?"

"मला भेटला. मेसच्या रांगेत मागून माझी वेणी ओढायला गेला आणि वेणीच नाही म्हणून हसायला लागला. घरी सांगू नको म्हणाला. दोन्ही घरी."

दिपमाला पायरीवर बसली. "म्हणजे त्याच्या पाठीवर..."

"असेल माझी किंवा नसेल, काकू. रजेवर यायच्या आधी मी बांधलेल्या तिथे रॅकवर आहेत. त्यांतली त्याला मिळेल की दुसऱ्या कुणाला, मला कळणार नाही. कुणालाच कळत नाही."

"तुझ्या बापाशी त्याच्या बापाचं पाणी बंद आहे," प्रेमराज म्हणाला. त्याचा आवाज चढला नव्हता, उलट खाली गेला होता. "तू घडी घालताना..."

"घडी घालताना कोण कुणाचा ते माहीत नसतं, आबा. म्हणून प्रत्येक घडी आपल्याच माणसाची समजून घालायची. नवीन तिथे यायच्या आधीपासून मी अशीच घालते. आता फक्त त्या माणसाला नाव आहे."

प्रेमराजनं खाली पाहिलं. लुगड्याचं टोक त्याच्या पायाशी पडलं होतं आणि घडीच्या त्या बाजूला चुण्या पडल्या होत्या. तो परत गुडघ्यावर बसला, टोक उचललं आणि ताणून धरलं. का धरलं ते त्याला कुणी विचारलं नाही.

यशोदाबाई उठल्या. गुडघ्यांवर हात ठेवून, कुणाचा आधार न घेता. गव्हाचं मोठं घमेलं त्यांनी पायानं भूमिकासमोर सरकवलं, पायानं, आणि एकाही बाईची बोलायची छाती झाली नाही.

"हात धू," त्या म्हणाल्या.

"मी?"

"मन्हा हातघाई त्यासनी मूठ निघाव नही, असं मी बोलेल शे. बठ्ठा गावनी ऐकेल शे. मन्हा शब्द शब्दच शे." त्यांनी बेबाबाईकडे पाहिलं. "हिना हातबद्दल मी काही बोलेल नही."

"अगं पन पोरगी," बेबाबाई म्हणाली. "उद्या लगीन व्हई, दुसरानं घर. पोरगीघाई मूठ कोनी काढी शे का आजवर?"

"आजवर पोरगीना घडीवर कोनी आभाळमाईन उडी मारी व्हती का?"

मग बेबाबाईनंच उठून तांब्या आणला आणि भूमिकाच्या हातांवर पाणी घातलं.

भूमिकानं हात पुसले. घमेल्यात हात घातला आणि मूठ भरली, दाबून नाही, सैल नाही. सुपात ओतली. मग चिमटीनं वरचे दाणे, सव्वा पुरे होण्यापुरते. तिचे ओठ हलले, नवीनचं नाव घेतलं असावं. सूप कुणी धरलं होतं म्हणाल तर प्रेमराजनं. लुगडं सोडून तो कधी सूप धरायला आला हे त्याच्या बायकोलाही दिसलं नव्हतं.

दिपमाला पायरीवर बसून हात जोडून होती. तिला आत बोलवायचं कुणाच्या लक्षातच राहिलं नव्हतं. सुगंधाबाईनं जाऊन तिला दंडाला धरून वर आणलं आणि आपल्या शेजारी बसवलं.

"आता एक सांग," यशोदाबाई प्रेमराजला म्हणाल्या. "नवीन तिकडे. त्याच्या नावाचे रोट उद्या होतील. खाणार कोण? उरवायचे नाहीत, बाहेर द्यायचे नाहीत. मी सांगायला नको तुला."

प्रेमराजला कळलं. आई त्याला कुठे नेऊन उभं करत होती ते कळलं आणि तिथून पळायला वाट नव्हती हेही कळलं. "बापानं खायचे पोराचे," तो म्हणाला.

"मग लाव फोन."

"तू बोल."

"माझा शब्द शे. तुझा काही शब्द नव्हता, तू नुसता भांडेल शे."

फोन लागला. पलीकडून अभिमननं उचलला, पण हॅलोसुद्धा म्हणाला नाही. सगळी ओसरी ऐकत होती, कारण प्रेमराजला कमी ऐकू येई आणि त्याचा फोन नेहमी मोठ्यानं बोले.

"सोमवारी पोऱ्या उडी मारणार आहे म्हणे," प्रेमराज शेवटी म्हणाला.

"हा."

"त्याची मूठ काढली आम्ही. रोट खायला यावं लागेल तुला."

पलीकडून धुळ्याच्या रस्त्यावरचा एक हॉर्न ऐकू आला. मग अभिमननं विचारलं, "मूठ कोणी काढली? मायनं?"

प्रेमराजनं आईकडे पाहिलं. यशोदाबाई भूमिकाच्या हाताकडे बघत होत्या.

"भूमिकानं."

"आपल्या भूमिकानं," अभिमन म्हणाला. "नवीन सांगत होता मला तिच्या कामाचं. दुसऱ्यांना नको म्हणतो, मला मात्र रोज सांगतो. मीच घरात बोललो नाही." तो थांबला. "म्हणजे तिकडेही तिचाच हात आणि इकडेही तिचाच."

दिपमालानं तोंडात पदर कोंबला. नवऱ्याला सगळं माहीत होतं आणि तीच एकटी रात्र रात्र जागत होती. त्याबद्दल ती त्याला काय बोलणार होती ते उद्याचं होतं.

"येतो," अभिमन म्हणाला आणि फोन ठेवला.

बाया परत गव्हात बोटं फिरवायला लागल्या, जरा जास्तच मन लावून. यशोदाबाईंनी भूमिकाचा हात आपल्या वाकड्या बोटांत घेतला, तळवा वर केला. अगदी साधा हात होता, नखं कापलेली, अंगठ्याच्या मुळाशी कापडानं घासून घट्टा पडलेला. त्या घट्ट्यावरून त्यांनी अंगठा फिरवला. आजवर त्या हाताला त्यांनी कितीदा चापट मारली असेल.

मग तो हात त्यांनी सोडला आणि घमेल्याकडे बोट केलं.

"त्याच्या बापाचीबी काढ," त्या म्हणाल्या. "पोराचं खायला येईल, मग स्वतः काय उपाशी जाईल?"